घरात आलेला पहिला संगणक आणि घरातले हुशार मूल



या व्याख्यानमालेत सहसा साहित्यिक आणि प्राध्यापक बोलतात. मी होमिओपॅथीचा डॉक्टर. आमच्याकडे केस घेताना आजाराइतकेच माणसाविषयी विचारावे लागते. झोप कशी लागते, राग कधी येतो, घरात कोणाशी बोलणे होते, जेवताना शेजारी कोण बसते. त्यामुळे इतक्या वर्षांत सुरतेतल्या अनेक घरांची पुढची खोली मला दवाखान्यात बसूनच दिसत आली. त्या खोलीत एके दिवशी संगणक येतो, आणि त्या घरात एक फार हुशार मूल असते. मग काय होते, आणि घराने काय करावे, एवढाच माझा आजचा विषय आहे.

आपल्या घरांत संगणक दोन लाटांनी आला. १९८४ साली केंद्र सरकारने 'क्लास' नावाच्या प्रकल्पातून काही निवडक शाळांना बीबीसी मायक्रो नावाची ब्रिटिश यंत्रे दिली, तेव्हा संगणक हा शब्द आपण वर्तमानपत्रात वाचत होतो. घरात यंत्र यायला नव्वदीचे दशक उजाडले. १५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमने इंटरनेट सर्वांसाठी खुले केले, आणि त्यानंतरच्या काही वर्षांत मध्यमवर्गीय बापाने पतपेढीचे कर्ज काढून संगणक घ्यायला सुरुवात केली. दुसरी लाट २०२० ची. शाळा बंद झाल्या, वर्ग पडद्यावर भरू लागले, आणि ज्या घरांत पंचवीस वर्षांत संगणक आला नव्हता तिथेही कोणाचा तरी जुना लॅपटॉप आला. दोन्ही वेळा घरच्यांनी मला एकच वाक्य सांगितले: "डॉक्टरसाहेब, मुलासाठी घेतला." या वाक्याबद्दल मला बोलायचे आहे.

आधी हुशार मूल म्हणजे काय ते पाहू. पुण्यात १९६२ साली डॉ. वि. वि. तथा आप्पासाहेब पेंडसे यांनी ज्ञान प्रबोधिनी स्थापन केली. बुद्धिमान मुलांच्या शिक्षणाचा वेगळा विचार करायला हवा, आणि त्या बुद्धीला समाजाच्या कामाशी जोडायला हवे, हा विचार मराठी माणसाने संस्था काढून अमलात आणला, ही आपल्याला अभिमान वाटावी अशी गोष्ट आहे. बुद्धिमापन कसोटीवर ज्यांचा अंक १३० च्या वर जातो अशी मुले शंभरात साधारण दोन. म्हणजे आपल्या परिचयाच्या पन्नास घरांत एखाददुसरे असे मूल असणारच. पण या अंकाला फार धरून बसू नका. अमेरिकेत लुईस टर्मन यांनी १९२१ साली हजाराहून अधिक अतिबुद्धिमान मुले निवडून त्यांचा आयुष्यभर अभ्यास करायला घेतला. त्या चाचणीत जी मुले निवडली गेली नाहीत त्यांत विल्यम शॉकले आणि लुई अल्वारेझ हे दोघे होते. पुढे दोघांनाही भौतिकशास्त्राचे नोबेल मिळाले, एकाला १९५६ साली, दुसऱ्याला १९६८ साली.

घरात अशी मुले अंकाने ओळखू येत नाहीत, प्रश्नांनी येतात. आणि त्यांची वाढ सगळीकडून सारखी होत नाही. दहा वर्षांचे मूल गणितात चौदा वर्षांचे असते, आणि खेळात हरल्यावर सहा वर्षांच्या मुलासारखे रडते. घरच्यांना वाटते, एवढे कळते तर हे कसे कळत नाही? ते दोन्ही एकाच मुलात नांदते, हे लक्षात ठेवले तर पुढचे बरेच सोपे होते.

आता मी तुम्हाला एका मराठी घरात नेतो. ते महाराष्ट्रात नव्हते. आपल्यासारखेच परप्रांतात स्थायिक झालेले होते, बनारसला. विष्णू वासुदेव नारळीकर बनारस हिंदू विश्वविद्यालयात गणिताचे विभागप्रमुख होते, सुमतीबाई संस्कृतच्या जाणकार. त्यांचा मुलगा जयंत, जन्म १९३८. घरात संगणक असण्याचा प्रश्नच नव्हता, पण भिंतीवर फळे होते, मुलांनी हवे ते लिहावे म्हणून. जयंतचे मामा मोरेश्वर हुजुरबाजार शिक्षणासाठी त्या घरी राहायला आले. मामा फळ्यावर गणितातला एखादा अवघड प्रश्न लिहून ठेवत, आणि वर लिहीत की हे आव्हान जयंतसाठी आहे. प्रश्न सुटेपर्यंत फळ्यावर राहत असे. ही आठवण पुढे डॉ. जयंत नारळीकरांनीच सांगितलेली आहे.

या गोष्टीत मला मोलाचे वाटते ते हे की फळा घराचा होता. कोणीही त्यावर लिहू शकत होते. प्रश्न एकाने लिहायचा, उत्तर दुसऱ्याने शोधायचे, आणि मधल्या काळात येता-जाता सगळ्यांनी तो पाहायचा. मूल एकटे विचार करत होते, पण त्याचा विचार घराच्या नजरेसमोर चालला होता. मोठेपणी नारळीकरांनी हेच दुसऱ्या रूपात चालू ठेवले. मुले स्वाक्षरी मागायला आली की ते म्हणत, पोस्टकार्डावर मला विज्ञानातला एक प्रश्न लिहून पाठवा, मी सहीनिशी उत्तर पाठवीन. २०२५ च्या मे महिन्यात ते गेले, तेव्हा अशी पोस्टकार्डे किती घरांत जपून ठेवलेली असतील, याचा विचार माझ्या मनात आला.

फळा आणि संगणक यांत फरक काय? आपण सुरतेचे लोक, आपल्याला संगणकाचे मूळ परके नाही. जॅकार्डचा माग तुम्ही पाहिला असेल. भोके पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ वर फिरते. भोक असले की ताण्याचा धागा उचलला जातो, नसले की जागेवर राहतो. हो किंवा नाही, एवढ्या दोन शब्दांत वेलबुट्टी विणली जाते. फ्रान्समधल्या लियाँ शहरात जोझेफ जॅकार्डने ही युक्ती १८०४ च्या सुमारास पक्की केली. इंग्लंडात चार्ल्स बॅबेजने आपल्या गणनयंत्रासाठी तीच पुठ्ठ्यांची कल्पना उचलली, आणि १८९० च्या अमेरिकन जनगणनेत हर्मन हॉलरिथने भोकांच्या कार्डांवर माणसे मोजली. संगणकही आतून हो-नाहीचाच माग आहे. तेव्हा ज्या शहराचे पोट मागावर चालते तिथल्या आजोबांनी संगणकाला देव किंवा भूत समजायचे कारण नाही.

फरक आहे तो दुसरा. फळा गप्प असतो. त्यावर कोणीतरी लिहिल्याशिवाय काही घडत नाही. संगणक स्वतःच उत्तर देतो, चूक दाखवतो, पुन्हा संधी देतो, आणि कंटाळत नाही. हुशार मुलाला असा सोबती आयुष्यात प्रथमच भेटलेला असतो. वर्गात त्याला बाकीच्यांसाठी थांबावे लागते, घरी त्याच्या प्रश्नांना "नंतर बघू" ऐकावे लागते. हे यंत्र कधीच "नंतर बघू" म्हणत नाही. म्हणून ते मूल त्याला चिकटते. यात मुलाचे व्यसन शोधण्याआधी त्याची भूक पाहावी.

त्याच वेळी घरात आणखी एक गोष्ट उलटी होते. आजवर ज्ञान वरून खाली येत होते, आजोबांकडून बापाकडे, बापाकडून मुलाकडे. संगणकाच्या बाबतीत दहा वर्षांचे मूल शिकवणारे होते आणि चाळिशीचा बाप शिकणारा. पुष्कळ बापांना हे झेपत नाही. काही रागावतात. बहुतेक जण मान खाली घालून बाजूला होतात आणि म्हणतात, आम्हाला त्यातले कळत नाही, तुझे तू बघ. हे बाजूला होणे मला रागावण्यापेक्षा जास्त घातक वाटते.

म्हणून हेलसिंकीतले एक उदाहरण सांगतो. लिओ टोर्नक्विस्ट हे तिथल्या विद्यापीठात संख्याशास्त्राचे प्राध्यापक. १९८१ च्या सुमारास त्यांनी कमोडोर कंपनीचा व्हिक-२० नावाचा छोटा घरगुती संगणक घेतला, स्वतःच्या आकडेमोडीसाठी. त्यांना कळफलकावर बोटे चालवणे जमत नसे. ते प्रोग्रॅम कागदावर नीट लिहून काढत आणि अकरा-बारा वर्षांच्या नातवाला मांडीवर घेऊन त्याच्याकडून तो टंकून घेत. नातवाचे नाव लिनस टोरवाल्ड्स. आज जगातले बहुसंख्य सर्व्हर आणि आपल्या हातातले अँड्रॉइड फोन ज्या लिनक्स गाभ्यावर चालतात, तो त्याने १९९१ साली, विद्यार्थी असताना, लिहायला घेतला.

मी असे म्हणत नाही की आजोबांच्या मांडीमुळे लिनक्स झाले. पुढे तो मुलगा कित्येक वर्षे खोलीत एकटाच यंत्रासमोर बसत असे, हेही त्याने सांगितले आहे. मला सुरुवात महत्त्वाची वाटते. संगणक आजोबांचा होता, काम आजोबांचे होते, आणि मुलाचा त्या खऱ्या कामाला उपयोग होता. "तुझ्यासाठी घेतला, आता काहीतरी करून दाखव," असे त्याला कोणी म्हटले नव्हते.

आता आपल्या गावाकडे येऊ. पुढची हकिगत सांगायला त्या घराची परवानगी आहे, आणि ओळख पटू नये म्हणून मी काही तपशील बदलले आहेत.

१९९८ ची गोष्ट. वडील कचेरीत कारकून, आई घरी शिवणकाम करणारी, आजोबा, तेरा वर्षांची मुलगी आणि अकरा वर्षांचा मुलगा. मुलगा विलक्षण. पाढे त्याने कधी पाठ केले नाहीत, ते त्याला दिसत असत. वडिलांनी कर्ज काढून संगणक घेतला. आतल्या खोलीत नवे टेबल, पेटीवर कुंकवाचे स्वस्तिक, धूळ बसू नये म्हणून आईने शिवलेला अभ्रा. मुलाखेरीज कोणी हात लावायचा नाही. मुलाचे लक्ष विचलित होऊ नये म्हणून आजोबांचा रेडिओ गॅलरीत गेला आणि मुलीची वह्यापुस्तके स्वयंपाकघरात. सहा महिन्यांनी आई मुलाला माझ्याकडे घेऊन आली. डोके दुखते, रात्री झोप नाही, आणि मुलगा मुका झाल्यासारखा वागतो.

डोकेदुखीसाठी मी त्याला आधी नेत्रतज्ज्ञाकडे पाठवले. चष्मा लागला आणि दुखणे कमी झाले. मुकेपणासाठी माझ्या पेटीत गोळी नव्हती. मी त्याला एकट्याला बसवून विचारले, "तू दिवसभर जे करतोस ते घरात कोणाला सांगतोस?" तो म्हणाला, "कोणाला कळतच नाही, डॉक्टरकाका. सांगून काय करू?" मग वडिलांना विचारले, तुम्ही त्याला काही विचारता का? ते म्हणाले, "मला त्यातले कळत नाही, डॉक्टरसाहेब. विचारून काय करू?" दोघांनी एकच वाक्य दोन बाजूंनी म्हटले होते. दोघांच्या मध्ये कर्जाचा हप्ता होता, आणि मुलाला त्याची रक्कम पाठ होती.

आजोबा दर महिन्याला गुडघ्यासाठी येत. त्यांचे घराणे पूर्वी नवसारीकडे, बडोदे संस्थानच्या चाकरीत होते. त्यांच्याकडे मोडीतली दोन चोपडी होती. एकात घराण्याची वंशावळ, दुसऱ्यात खर्चाच्या नोंदी. मोडी वाचणारे घरात ते शेवटचेच. कुलवृत्तांत तयार करायचा, हे ते वीस वर्षे म्हणत होते. मी म्हटले, "नातवाकडून लिहून घ्या." ते म्हणाले, "त्याच्या यंत्रात मराठी येते का?" मी म्हटले, "हे त्यालाच विचारा."

हा प्रश्न त्या मुलाला कोणीतरी विचारलेला पहिला खरा प्रश्न ठरला. कारण उत्तर सोपे नव्हते. त्या काळी मराठीचा प्रत्येक फाँट स्वतःची मांडणी घेऊन येई. पहिली वेलांटी अक्षराच्या आधी टंकायची, रफार नंतर, आणि एका फाँटमध्ये लिहिलेले दुसऱ्यात उघडले की नुसती चिन्हे दिसायची. मुलगा आठ दिवस त्यात बुडाला. मग संगणक पुढच्या खोलीत आला, कारण आजोबांना जमिनीवर बसता येत नव्हते आणि त्यांची खुर्ची तिथे होती. आजोबा वाचत, मुलगा टंकत असे.

खरी मौज पुढे झाली. चोपड्यांत साले निरनिराळी होती. देशावरच्या नोंदी शालिवाहन शकात, गुजरातेतल्या विक्रम संवतात. शकाचे वर्ष चैत्रात बदलते, गुजरातेतले संवत दिवाळीनंतर कार्तिकात. म्हणून शकात कधी ७८ मिळवायचे, तर जानेवारी लागल्यावर ७९. आणि संवतातून कार्तिक ते डिसेंबर ५७ वजा करायचे, पुढे आश्विनापर्यंत ५६. एका पूर्वजाचा मृत्यू त्याच्या मुलाच्या जन्माच्या दोन वर्षे आधी पडत होता. मुलाने या रूपांतराचा प्रोग्रॅम लिहिला, आणि तिथी-महिना घातला की इंग्रजी साल येऊ लागले. मृत्यू आणि जन्म आपापल्या जागी बसले. त्या रात्री जेवताना तो मुलगा अर्धा तास बोलला, आणि सगळे घर ऐकत होते, कारण बोलणे त्यांच्याच पणजोबांचे होते.

आणि बहीण? वाचन लांबले की आजोबांचे डोळे थकत. मुलगी शेजारी बसून अक्षरे पाहत असे. मोडी तिला तीन महिन्यांत वाचता येऊ लागली, भावाला आली नाही. घरात हुशार मूल एकच आहे असे त्या घराने आधीच ठरवले होते, म्हणून तिच्याकडे कोणी त्या नजरेने पाहिलेच नव्हते. स्वयंपाकघरात पाठवलेल्या वह्या मग पुढच्या खोलीत परत आल्या.

ऑगस्ट २००६ चा तापीचा पूर तुम्हा सर्वांना आठवतो. त्या घराच्या तळमजल्यावर पाणी शिरले. संगणक गेला आणि त्याबरोबर सगळे टंकलेले गेले. चोपडी माळ्यावर होती म्हणून वाचली. आजोबा तोवर नव्हते. पाणी ओसरल्यावर मुलीने ती सगळी पुन्हा वाचून टंकली, या वेळी युनिकोडमध्ये, म्हणजे कुठल्याही यंत्रावर उघडेल अशी. तारखांचा प्रोग्रॅम भावाने आठवून पुन्हा लिहिला. तो आज पुण्यात साधी, चांगली नोकरी करतो. वर्तमानपत्रात त्याचे नाव आलेले नाही. आईला फोन मात्र रोज करतो आणि काय केले ते सांगतो. माझ्या लेखी हे लहान फळ नाही.

तुम्ही म्हणाल, प्रत्येक घरात मोडीची चोपडी कुठे असतात? आणि संगणकातले काही न कळणारी आजी काय प्रश्न विचारणार?

त्यासाठी दिल्लीचा एक प्रयोग सांगतो. १९९९ साली कालकाजी भागात सुगत मित्र यांनी आपल्या कचेरीच्या भिंतीत भोक पाडून एक संगणक बसवला, पलीकडच्या झोपडपट्टीतल्या मुलांसाठी. शिकवायला कोणी नाही. तरी मुले आपसांत शिकली. या प्रयोगाचा गाजावाजा झाला तशी टीकाही झाली, आणि तशा काही ठिकाणची यंत्रे पुढे बंद पडली. मला त्याचा दुसरा भाग जास्त मोलाचा वाटतो. नंतर तमिळनाडूतल्या एका खेड्यात मुलांची प्रगती एका मर्यादेवर अडली, तेव्हा मित्र यांनी त्याच भागातल्या एका तरुणीला मुलांजवळ उभे राहायला सांगितले. तिला तो विषय येत नव्हता. तिने आजीसारखे फक्त मागे उभे राहून कौतुकाने विचारायचे: अरे वा, हे कसे केलेस? मला दाखव ना. मुले पुढे सरकली. त्यातूनच २००९ साली ब्रिटनमधल्या निवृत्त शिक्षिका आणि आज्या पडद्यावरून आपल्याकडच्या मुलांशी बोलू लागल्या.

आपल्या घरात आजी पडद्यावर आणावी लागत नाही. ती शेजारच्या खोलीत बसलेली आहे. तिला फक्त कोणीतरी सांगितले पाहिजे की तुला कळत नाही हा तुझा दोष नाही, तेच तुझे भांडवल आहे. न कळणाऱ्याला समजावून सांगताना हुशार मुलाला स्वतःचे ज्ञान तपासावे लागते. जे मूल आजीला "फाइल" म्हणजे काय हे मराठीत सांगू शकते, त्याला ती गोष्ट खरोखर समजलेली असते. शिवाय त्या निमित्ताने त्याची मराठी जिवंत राहते. बाहेर गुजराती, शाळेत इंग्रजी, आणि यंत्रात पुन्हा इंग्रजी. मराठीत अवघड विचार करण्याची जागा त्याला या शहरात घराखेरीज कुठे मिळणार?

आता डॉक्टर म्हणून थोडे मात्रेविषयी. संगणक बसवायचा तो येण्याजाण्याच्या खोलीत, खिडकीकडे पाठ किंवा तोंड न करता, बाजूला उजेड राहील असा. दर वीस मिनिटांनी नजर लांबच्या वस्तूवर न्यावी. मूल रोज उघड्यावर, दिवसाच्या उजेडात खेळले पाहिजे. अशा मुलांत लघुदृष्टी कमी आढळते. झोपण्याआधी तासभर पडदा बंद. आणि डोके दुखते, अक्षर दिसत नाही, झोप उडाली, मूल अनेक दिवस उदास आहे, तर आधी त्या त्या तज्ज्ञाला दाखवा.

किती वेळ बसू द्यावे, हे आईबाप हटकून विचारतात. आम्हा जैनांत सामायिक नावाचे व्रत आहे. अठ्ठेचाळीस मिनिटे, म्हणजे जुन्या मापाने दोन घटका, एका आसनावर समभावात बसायचे, आणि वेळ झाली की विधिपूर्वक उठायचे. त्यात मला उठण्याचा विधी फार शहाणपणाचा वाटतो. मुलाला एकदम "बंद कर" म्हटले की भांडण होते, कारण त्याचा विचार मध्ये तुटतो. दोन घटकांचे एक आसन ठरवावे, संपताना त्याने काय केले ते एका वहीत दोन ओळी लिहावे आणि एकाला तोंडी सांगावे. मग उठावे. काम मोठे असेल तर थोड्या वेळाने दुसरे आसन. वही आणि ऐकणारा माणूस या दोन गोष्टी चुकू देऊ नयेत.

पैशाविषयीही एक बोलतो. संगणकाची किंमत मुलाला ऐकवू नका. हुशार मूल हिशेबात पक्के असते, ते घराच्या त्यागाचे ओझे मनात व्याजासकट मांडून ठेवते, आणि मग हरण्याच्या भीतीने नवे काही करून पाहत नाही. ज्या दिवशी तुम्ही "मुलासाठी घेतला" ऐवजी "घरासाठी घेतला" म्हणाल, त्या दिवशी ते ओझे उतरेल. मग आईने शिवणाचा हिशेब त्यात ठेवावा, बापाने कर्जाचा हप्ता त्यातच मांडावा, आणि मुलाने त्यांना मदत करावी.

शेवटी मंडळाला एक विनंती. १९६८ साली अमेरिकेत सिएटल शहरातल्या लेकसाइड शाळेच्या मातामंडळाने जुन्या वस्तूंची विक्री करून आलेल्या पैशांतून मुलांसाठी संगणकाचे टंकयंत्र आणि वापराचा वेळ विकत घेतला. शाळेतल्या शिक्षकांनाही ते यंत्र नवेच होते. त्या मुलांत तेरा वर्षांचा बिल गेट्स आणि त्याचा मित्र पॉल अ‍ॅलन होते. त्या बायकांनी प्रत्येकीने आपल्या मुलासाठी वेगळे यंत्र घेण्याचा विचार केला नाही.

आपण येथे पिढ्यानपिढ्या स्थिरावलो. आपल्या घरांत आता एकाऐवजी तीन-तीन पडदे आहेत. पण याच शहरात उधना, लिंबायत भागांत खानदेशातून आलेली हजारो मराठी कुटुंबे आहेत. त्यांची मुले महानगरपालिकेच्या मराठी शाळांत जातात. शंभरात दोन हे प्रमाण तिकडेही तेवढेच आहे. त्या मुलांचे आईबाप मागावर बारा-बारा तास उभे असतात, आणि घरात फार तर एक फोन असतो, तोही बापाबरोबर कामावर जातो. मंडळाचे वाचनालय रविवारी सकाळी रिकामे असते. तिथे आपल्या घरांत पडून असलेले चालू स्थितीतले दोन-तीन संगणक ठेवता येतील. शिकवायला कोणी तज्ज्ञ लागणार नाही. निवृत्त झालेले आपण चौघे-पाच जण आळीपाळीने मागे खुर्ची टाकून बसू आणि विचारू: हे कसे केलेस, मला दाखव. भिंतीवर एक फळाही लावू, आणि दर रविवारी त्यावर एक प्रश्न लिहू.

पहिल्या रविवारी खुर्चीवर बसायला मी येईन. माझ्या घरचा एक संगणक मी आधीच पुसून, तपासून ठेवला आहे. कार्यवाहांनी किल्ली कधी मिळेल तेवढे सांगावे.